ड्रायरच्या व्हेंटला कोणती टेप लावावी आणि कशी लावावी

अमेरिकेत किंवा कॅनडात घर घेतल्यावर ड्रायरच्या मागे डोकावण्याची वेळ बहुधा तेव्हाच येते, जेव्हा कपडे दोनदा फिरवूनही ओलसर राहू लागतात. मग दुकानातून करड्या रंगाची कापडी टेप आणली जाते, ड्रायरमधली गरम हवा घराबाहेर नेणाऱ्या पाइपाच्या, म्हणजे व्हेंटच्या, सांध्याभोवती तिचे चार वेढे दिले जातात आणि काम झाले असे समजून ड्रायर पुन्हा भिंतीला सरकवला जातो. या साध्या दिसणाऱ्या कामात तीन चुका पुन्हा पुन्हा होतात: टेप चुकीची निवडली जाते, ती मळलेल्या पाइपावर लावली जाते आणि पाइप धरून ठेवण्याचे जे काम क्लॅम्पचे, म्हणजे पाइपाभोवती आवळायच्या कड्याचे, आहे ते टेपवर सोपवले जाते.

आम्ही घर घेतले तेव्हा आधीच्या कोणा कारागिराने लावलेली अशीच टेप मला सापडली. मी तिचे टोक धरून ओढले, तर जुन्या बँडेजसारखे नुसते कापड हातात आले आणि तिचा गोंद पाइपावर तपकिरी भुकटी होऊन राहिला. आत क्लॅम्प नव्हता. सांधा दोन बोटे सुटला होता आणि भिंतीमागच्या कोपऱ्यात लिंटचा, म्हणजे कपड्यांतून सुटलेल्या तंतूंचा, उशीएवढा ढीग जमला होता.

हे लिंट कोरडे आणि भुरभुरीत असते, त्यामुळे ते झटकन पेट घेते. अमेरिकेच्या अग्निशमन प्रशासनाने २००८ ते २०१० या वर्षांसाठी दिलेल्या अंदाजानुसार तेथील घरांत ड्रायरमुळे दरवर्षी सुमारे २,९०० आगी लागत होत्या आणि त्यांमागचे सर्वांत मोठे कारण वेळच्या वेळी सफाई न करणे हे होते. गॅसवर चालणाऱ्या ड्रायरच्या बाबतीत दुसरा धोकाही असतो. सुटलेल्या सांध्यातून ओलसर हवेबरोबर कार्बन मोनॉक्साइडही घरात येऊ शकतो आणि त्याला वास नसतो.

१. टेप निवडणे

करड्या कापडी टेपला इंग्रजीत ‘डक्ट टेप’ म्हणतात आणि सगळा घोटाळा या नावामुळे होतो. डक्ट म्हणजे हवेचा पाइप, म्हणून ही टेप त्यासाठीच असणार, असा समज होतो. प्रत्यक्षात तिचा रबरी गोंद उष्णतेने वाळतो, आकसतो आणि सुटतो. कॅलिफोर्नियातील लॉरेन्स बर्कली राष्ट्रीय प्रयोगशाळेने १९९८ साली हवेच्या पाइपांचे सांधे निरनिराळ्या साधनांनी बंद करून ते तापवून पाहिले, तेव्हा सर्वांत वाईट कामगिरी याच टेपची ठरली. ड्रायरमधून बाहेर पडणारी हवा ‘हाय हीट’वर साधारणपणे १२० ते १६० अंश फॅरनहाइट, म्हणजे सुमारे ५० ते ७० अंश सेल्सिअस इतकी तापलेली असते, ती रोज येते आणि तिच्यात वाफही असते. कापडी टेप तेथे टिकत नाही. विजेच्या तारांना गुंडाळायची काळी टेप आणि खोकी बंद करायची पारदर्शक टेप यांचा तर विचारही करू नये.

आपल्याला हवी आहे ती ॲल्युमिनियम फॉइलची टेप. तिच्या एका बाजूला खऱ्या धातूचा पातळ पत्रा, दुसऱ्या बाजूला ॲक्रिलिक गोंद आणि गोंदावर सोलून काढायचा कागद असतो. दुकानात ती हीटिंग आणि एअर कंडिशनिंगच्या सामानाच्या रांगेत मिळते. घेताना पुढील गोष्टी पाहाव्यात.

पहिली गोष्ट म्हणजे छाप. यूएल ही वस्तूंची सुरक्षितता तपासणारी अमेरिकी संस्था आहे. टेपवर किंवा तिच्या वेष्टनावर तिचा ‘यूएल १८१बी-एफएक्स’ हा शिक्का, किंवा त्याच्या जोडीला ‘यूएल १८१ए-पी’ असे दोन्ही शिक्के असावेत. चांगल्या टेपवर हे शिक्के फॉइलवरच ठरावीक अंतराने छापलेले असतात, म्हणजे काम झाल्यावरही ते वाचता येतात आणि घर विकताना तपासणीसाठी येणाऱ्या माणसाला वेगळे काही दाखवावे लागत नाही. काही टेपांवर केवळ ‘यूएल ७२३’ असे लिहिलेले असते. त्याचा संबंध पृष्ठभागावर ज्वाळा किती पसरते आणि धूर किती होतो याच्याशी आहे. सांधा बंद राहतो की नाही याची ती चाचणी नाही, त्यामुळे ‘यूएल’ ही दोन अक्षरे दिसली म्हणून समाधान मानू नये.

दुसरी गोष्ट म्हणजे तापमानाची मर्यादा. ती २०० अंश फॅरनहाइटपेक्षा, म्हणजे सुमारे ९३ अंश सेल्सिअसपेक्षा, कमी असलेली टेप घेऊ नये. व्हेंट तुंबला की हवा नेहमीपेक्षा अधिक तापते आणि टेपची खरी परीक्षा त्याच वेळी होते.

तिसरी गोष्ट म्हणजे रुंदी. अडीच इंची टेप चार इंची पाइपासाठी सोयीची पडते, कारण सांध्याच्या दोन्ही बाजूंना सव्वा-सव्वा इंच पकड मिळते.

> तपासा: बाजारात फॉइलसारखी चमकणारी प्लॅस्टिकची टेपही मिळते. तिचा लहान तुकडा दुमडून पाहावा. खरी फॉइल पोळ्या गुंडाळायच्या फॉइलप्रमाणे घडी धरून ठेवते आणि ओढली तर ताणली न जाता फाटते. प्लॅस्टिकची टेप उलगडते आणि लांबते. ती परत करावी.

२. साहित्य मांडून ठेवणे

ड्रायर एकदा ओढून पुढे घेतला की मध्येच दुकानात जाणे जिवावर येते आणि मग हाताशी असेल ते वापरून वेळ मारून नेली जाते. म्हणून सगळे आधीच जमवावे: फॉइल टेप, चार इंची पाइपाला बसणारे स्क्रूने आवळायचे दोन धातूचे क्लॅम्प, स्क्रू ड्रायव्हर, कात्री, मोजपट्टी, व्हॅक्यूम क्लीनर, व्हेंट साफ करायचा लांब दांड्याचा ब्रश, प्लॅस्टिकची खरवडपट्टी, भांडी घासायचा द्रव साबण, आयसोप्रोपिल अल्कोहोल, चार-पाच स्वच्छ फडकी, टॉर्च, न पुसली जाणारी शाई असलेला मार्कर आणि जाड हातमोजे. हातमोजे ऐच्छिक समजू नयेत. कापलेल्या पत्र्याची कड ब्लेडइतकी धारदार असते आणि फॉइलच्या कडेनेही बोट चिरते.

आपण भाड्याच्या अपार्टमेंटमध्ये राहत असाल, तर भिंतीतल्या पाइपाला हात न लावता व्यवस्थापनाला लेखी कळवावे आणि सोबत फोटो जोडावा.

३. ड्रायर बंद करणे आणि सरकवणे

विजेच्या ड्रायरची जोडणी २४० व्होल्टची असते. आधी पॅनेलमधील त्याचा ब्रेकर बंद करावा आणि मगच प्लग काढावा. ड्रायर गॅसवर चालत असेल, तर प्लग काढून मागच्या पिवळ्या किंवा राखाडी नळीवरचा झडपेचा दांडा नळीला आडवा होईल असा फिरवावा. दांडा आडवा झाला म्हणजे गॅस बंद झाला.

ड्रायरचे वजन पन्नास-साठ किलो असते, म्हणून ओढायला दोन माणसे असावीत. एकाने मागे पाहत राहावे. गॅसच्या नळीवर ताण येऊ देऊ नये आणि तिला पीळही पडू देऊ नये.

> सावधान: काम करताना किंवा नंतर गॅसचा वास आला, तर दिवा लावू नये आणि चालू असलेला दिवा बंदही करू नये. घराबाहेर पडून गॅस कंपनीला फोन करावा.

४. जुनी टेप काढणे आणि पाइप स्वच्छ करणे

या टप्प्याला सर्वांत जास्त वेळ लागतो आणि लोक नेमका हाच टप्पा उरकतात. जुन्या टेपवर नवी टेप लावली, तर नवी टेप पाइपाला नव्हे, जुन्या टेपच्या सुटत चाललेल्या कापडाला चिकटते. तिची पकड तेवढीच.

जुनी टेप पूर्ण सोलून काढावी आणि सांधा सुटा करावा. दोन्ही पाइपांच्या आतले लिंट आधी ब्रशने मोकळे करावे आणि मग व्हॅक्यूमने ओढावे. ब्रश फिरवताना भिंतीतला पाइप सुटणार नाही याची काळजी घ्यावी. कोणी तरी बाहेर जाऊन पाइपाच्या बाहेरच्या तोंडावरील, हवेच्या जोराने उघडणाऱ्या झडपेपाशी साचलेले लिंटही काढावे, नाहीतर आपण आतून ढकललेले सगळे तेथे जाऊन बसेल. ड्रायरच्या मागच्या तोंडात हात जाईल तेवढा घालून तेथेही सफाई करावी.

मग गोंदाचे अवशेष. डब्यावरचे स्टिकर काढायला आपल्याकडे खोबरेल तेल किंवा रॉकेल वापरायची सवय असते, ती येथे सोडावी. तेलाचा पुसटसा थर राहिला तरी ॲक्रिलिक गोंद पकडत नाही, आणि रॉकेल, पेट्रोल किंवा थिनर यांची वाफ ड्रायरजवळ असणे धोक्याचे आहे. साबणाच्या कोमट पाण्यात भिजवलेले फडके जुन्या गोंदावर दहा मिनिटे ठेवावे, प्लॅस्टिकच्या पट्टीने खरवडावे, साध्या ओल्या फडक्याने साबण पुसून घ्यावा आणि पाइप कोरडा करावा. शेवटी सांध्याच्या दोन्ही बाजूंचे तीन-तीन इंच अल्कोहोलने पुसावेत आणि ते पूर्ण उडून जाऊ द्यावे. बिघाड नको असेल तर नवा पत्र्याचा पाइपही पुसूनच घ्यावा, कारण त्यावर कारखान्यातल्या तेलाचा हात असतो.

> तपासा: पांढऱ्या फडक्याने पाइप पुन्हा एकदा पुसावा. फडक्यावर काळपट किंवा तपकिरी डाग उमटला, तर तो अजून स्वच्छ झालेला नाही.

५. सांधा जुळवणे

पत्र्याच्या पाइपाच्या एका टोकाला चुण्या पाडलेल्या असतात, त्यामुळे ते टोक किंचित लहान होऊन दुसऱ्या पाइपात शिरते. येथे नियम एकच: चुण्यांचे टोक हवा जिकडे जाते तिकडे, म्हणजे ड्रायरपासून दूर, घराबाहेरच्या दिशेला असावे. अमेरिकेच्या निवासी बांधकाम संहितेतही आत शिरणारे टोक हवेच्या दिशेनेच असावे असे सांगितले आहे. ते उलटे बसवले, तर वाहत्या हवेसमोर आतल्या बाजूला पत्र्याची कड उभी राहते, प्रत्येक फेरीला तिच्यावर थोडे लिंट अडकते आणि काही महिन्यांत तेथे कडे तयार होते. बाहेरून कितीही सुबक टेप लावली तरी ते कडे थांबत नाही. जुना सांधा उलटा बसवलेला दिसला, तर तो सुटा करून सुलटा करण्याची हीच वेळ आहे.

चुण्यांचा भाग पूर्ण आत जाईपर्यंत पाइप ढकलावा. पाइपाची लांबीच्या दिशेने असलेली शिवण आडव्या पाइपात वरच्या बाजूला ठेवावी, म्हणजे थंडीत आत साचलेले पाणी तिच्यातून ठिबकणार नाही.

सांधा टेप लावण्याआधीच स्वतःच्या बळावर उभा राहिला पाहिजे. संहितेप्रमाणे पाइपाला जास्तीत जास्त १२ फुटांवर आधार हवा आणि सांधे यांत्रिक पद्धतीने पक्के केलेले हवेत. स्क्रू वापरले, तर त्यांचे टोक आत एक अष्टमांश इंचापेक्षा, म्हणजे सुमारे ३ मिलिमीटरपेक्षा, जास्त घुसता कामा नये, कारण आत डोकावणारा प्रत्येक स्क्रू लिंट अडकवणारा खिळा ठरतो. आपल्या ड्रायरच्या सूचनापुस्तिकेत स्क्रू वर्ज्य सांगितले असतील, तर क्लॅम्प लावावा.

> तपासा: हात सोडून सांधा हलकेच ओढून पाहावा. तो निसटला, तर टेप लावू नये. आधी आधार द्यावा.

६. टेप लावणे

चार इंची पाइपाचा घेर साडेबारा इंचांहून किंचित जास्त भरतो. टोक सुरुवातीवर चढावे म्हणून त्यात आणखी दोन इंच धरून १५ इंचांची पट्टी कापावी. रीळ हातात धरून पाइपाभोवती फिरवत बसू नये. भिंत आणि पाइप यांच्यामध्ये ते अडते, टेप तिरकी जाते आणि फॉइल एकदा चिकटली की ती न चुरगळता सोडवता येत नाही.

पट्टीचा मध्य सांध्याच्या कडेवर यावा म्हणून मार्करने पाइपावर दोन-तीन खुणा कराव्यात. मग कागद एकदम न सोलता दोन इंच सोलावा, तेवढा भाग चिकटवावा, अंगठ्याने मधून कडांकडे दाबावा आणि त्यानंतर पुढचे दोन इंच सोलावेत. एका हाताने कागद ओढायचा आणि दुसऱ्याने दाबत जायचे, ही लय एकदा जमली की काम सोपे होते. पट्टी ताणू नये. टोक पट्टीच्या सुरुवातीवर चढले पाहिजे आणि ही चढण वरच्या बाजूला, डोळ्यांना दिसेल अशी ठेवावी.

लावून झाल्यावर चमच्याच्या पाठीने किंवा जुन्या प्लॅस्टिकच्या कार्डाने पूर्ण पट्टी जोर देऊन घासावी. हा गोंद दाबानेच पकड घेतो, नुसता हात फिरवून तो पूर्ण बसत नाही. घासता घासता फॉइलखालची पाइपाची कड, तिचा उंचवटा, असलाच तर स्क्रूचे डोके, असे सगळे वर उमटू लागते. नाण्यावर कागद ठेवून पेन्सिल घासल्यावर नाण्याची मुद्रा उमटते, तसे. ते उमटले की समजावे, टेप बसली. सुरकुती राहिली असेल, तर ती कडेपर्यंत पोचते का हे पाहावे. मधल्यामध्ये असलेली लहान सुरकुती दाबून सपाट करता येते. कडेपर्यंत गेलेली सुरकुती म्हणजे हवेसाठी बोगदाच. ती पट्टी काढून नवी लावावी.

फिरवता येणाऱ्या कोपऱ्याच्या तुकड्याला स्वतःचेही तीन-चार सांधे असतात आणि ते बहुतेकांच्या लक्षात येत नाहीत. वळणावर लांब पट्टी सपाट बसत नाही, म्हणून तेथे तीन-तीन इंचांचे तुकडे एकमेकांवर अर्धा इंच चढवत लावावेत. आधी कोपऱ्याचा कोन कायम करावा आणि मगच टेप लावावी. टेप लावल्यावर कोन बदलला, तर ती फाटते.

टेप लावताना पाइप थंड आणि कोरडा असावा, पण गारठलेला नसावा. गॅरेजमध्ये हिवाळ्यात काम करत असाल, तर वेष्टनावर दिलेले किमान तापमान आधी वाचावे.

७. ड्रायरकडची नळी

ड्रायर आणि भिंत यांच्यामधली वाकणारी नळी दर सफाईच्या वेळी काढावी लागते. तिच्या दोन्ही टोकांना क्लॅम्प लावावेत. क्लॅम्पवर टेपचे वेढे दिले, तर पुढच्या वर्षी ती काढताना नळी फाटते आणि मग सफाईच टाळली जाते. ही नळी अखंड एकाच तुकड्याची, जास्तीत जास्त ८ फूट लांबीची आणि ‘यूएल २१५८ए’ हा शिक्का असलेली हवी. ती भिंतीतून किंवा जमिनीखालून नेता येत नाही. माझी पसंती अर्धताठर ॲल्युमिनियमच्या नळीला आहे, कारण पातळ फॉइलची नळी ड्रायर मागे सरकवताना सहज चेपते.

नळीला भोक पडले असेल, तर त्यावर टेप चिकटवू नये, नळी बदलावी. पांढऱ्या प्लॅस्टिकची नळी असेल, तर ती चांगल्या स्थितीत दिसली तरी काढून टाकावी.

> सावधान: बाहेरच्या झडपेवर, तिच्या बिजागरीवर किंवा कडेवर टेप कधीही लावू नये. थंड वारा येतो म्हणून ती चिकटवून टाकलेली घरे मी पाहिली आहेत. तेथे पक्षी शिरू नयेत म्हणून बारीक जाळीही बसवू नये, ती काही आठवड्यांत लिंटने भरते. बाहेरच्या भिंतीशी असलेली फट बंद करायची असेल, तर ती बाहेरून, भिंतीसाठीच्या सीलंटने भरावी.

८. चालवून तपासणे

ड्रायर मागे सरकवण्याआधी प्लग लावावा, मग गॅस किंवा ब्रेकर सुरू करावा आणि रिकामा ड्रायर ‘एअर फ्लफ’वर, म्हणजे उष्णतेविना, दहा मिनिटे चालवावा. हाताची मागची बाजू पाण्याने ओली करून ती प्रत्येक सांध्याभोवती सावकाश फिरवावी. ओल्या त्वचेला अगदी बारीक झोतही गार लागतो. टिश्यू पेपरची बोटभर पट्टी धरूनही हेच कळते. गळती शोधायला उदबत्ती लावण्याचा मोह आपल्याकडे हमखास होतो. लिंट आणि गॅस या दोन्हींच्या शेजारी ती पेटवू नये.

या वेळी दुसऱ्या माणसाने बाहेर जाऊन पाहावे. झडप पूर्ण उघडली पाहिजे आणि हवेचा जोर हाताला स्पष्ट जाणवला पाहिजे. सांधे घट्ट असूनही झडप अर्धवटच उघडत असेल, तर पाइप आत कोठे तरी तुंबलेला आहे किंवा तो फार लांब आहे. संहितेत पाइपाची कमाल लांबी साधारणपणे ३५ फूट धरली आहे आणि प्रत्येक काटकोनी वळणामागे नेहमीच्या कोपऱ्यासाठी त्यातून ५ फूट वजा होतात. दोन वळणे असतील, तर २५ फूटच उरतात. ही अडचण टेपने सुटत नाही. अशा वेळी मार्ग बदलावा लागतो किंवा जाणकाराला बोलवावे लागते.

सगळे ठीक असेल, तर ड्रायर सावकाश मागे सरकवावा आणि नळी चेपली नाही ना, हे बाजूने टॉर्च लावून पाहावे. नेहमीएवढे कपडे आधीपेक्षा लवकर वाळतात का, हे पहिल्या दोन-तीन फेऱ्यांत घड्याळ लावून नोंदवावे. गॅसचा ड्रायर असेल, तर कार्बन मोनॉक्साइडचा अलार्म चाचणीचे बटण दाबून तपासून घ्यावा.

ड्रायर मागे नेण्यापूर्वी टेपवर मार्करने तारीख लिहावी. महिन्याभराने टॉर्च घेऊन पुन्हा डोकवावे. टेपच्या कडेला केसाएवढी राखाडी रेघ उमटलेली दिसली, तर तेथून हवा सुटते आहे आणि तिच्याबरोबर आलेले लिंट गोंदाला चिकटले आहे. तेवढा भाग दुसऱ्या पट्टीने झाकू नये. ती पट्टी पूर्ण काढावी, पाइप पुन्हा पुसावा आणि नवी पट्टी लावून नवी तारीख घालावी.